कुणीही हसले नाही

इतकी वर्षं हेडक्लार्क फोनवर दुसऱ्यांचेच विनोद पुढे ढकलत आले होते. त्या रविवारी ठणकती दाढ दाबून बसल्या बसल्या त्यांनी ठरवलं, की आता स्वतःचा विनोद करायचा. इमारतीच्या ग्रुपवर त्यांनी लिहिलं, ‘आपले तळमजल्यावरचे दातांचे डॉक्टर फार चिकाटीचे. दुखरा दात सापडेपर्यंत उपटत राहतात.’

ग्रुपवर एका हसऱ्या चेहऱ्यापलीकडे कुणी हूं की चूं केलं नाही. आली ती थेट डॉक्टरांच्या वकिलाची नोटीस. बदनामी केलीत, आता कोर्टात भेटू.

हेडक्लार्कांच्या तळपायाची आग मस्तकात गेली. “माणसाने आता विनोदसुद्धा करायचा नाही?” असं ते बायकोवरच ओरडले (जणू नोटीस तिनेच धाडली होती) आणि नोटीस घेऊन तरातरा आपल्या वकीलबाईंकडे गेले.

“विनोद होता ना? मग सोपं आहे,” वकीलबाई म्हणाल्या. “तो वाचून हसलेला एक माणूस आणा. साक्षीला.”

“एक कशाला? रांग लावतो.”

रांगेची सुरुवात घरापासून केली.

“तू हसलीस ना गं?”

“कशाला?”

“माझा विनोद वाचून.”

“अगंबाई, तो विनोद होता? मला वाटलं, डॉक्टरांचं कौतुक केलंत. चिकाटीचे म्हणालात ना.”

ग्रुपवरचा तो एकुलता हसरा चेहरा होता वरच्या मजल्यावर राहणाऱ्या सासऱ्यांचा. हेडक्लार्क धापा टाकत वर गेले.

“जावईबापू, बोट घसरलं हो,” सासरे म्हणाले. “मला हात जोडायचे होते. चष्मा नव्हता, वाटलं कुणीतरी गेलं.”

बाकीच्या शेजाऱ्यांनी दारं अर्धीच उघडली आणि नकारार्थी मान हलवली. हेडक्लार्क पडेल चेहऱ्याने वकीलबाईंकडे परत आले, तर त्या खूश.

“कुणी हसलंच नाही, म्हणजे डॉक्टरांचं हसं झालं नाही. हसं नाही, तर बदनामी कसली? तेवढं ग्रुपवर लिहून द्या. ते नोटीस मागे घेतील.”

“मी माफी मागतो,” हेडक्लार्क कडाडले. “हवं तर नाक घासतो. पण हे लिहिणार नाही. हा अन्याय आहे.”

“अहो, खरं तेच तर लिहायचंय,” घरी आल्यावर बायको म्हणाली.

शेवटी कोर्टाच्या धाकाने, दातओठ खात त्यांनी लिहिलं, ‘माझा विनोद वाचून कुणीही हसले नाही, हे मी पूर्ण शुद्धीत मान्य करतो.’

फोन थरथरायला लागला. ग्रुपवर हसऱ्या चेहऱ्यांचा नुसता पाऊस. वरून सासऱ्यांचं खोकत खोकत हसणं ऐकू आलं. बायको ओट्याला धरून डोळे पुसत होती. हेडक्लार्कांचा राग कुठल्या कुठे पळाला. आपण लिहिलेलं वाचून माणसं हसताहेत, हे सुख त्यांना नवीन होतं.

तेवढ्यात वकीलबाईंचा फोन आला. हेडक्लार्कांनी तो स्पीकरवर घेतला.

“घोटाळा झाला. डॉक्टरांचे वकील म्हणतात, आता तर हसं झालंच.”

“अहो, डॉक्टरांना कोण हसतंय? सगळे मला हसताहेत.”

“नक्की?”

“नक्की.”

“मग तसं लिहून द्या. आणि एक साक्षीदार लागेल.”

हेडक्लार्क काही बोलायच्या आत बायको पदराला हात पुसत पुढे झाली.

“सही कुठे करायची?” तिने विचारलं.