पालवीचं बारसं

नाव सुचवण्याच्या कामात माझा हात धरील असा माणूस त्या काळी पिंपरीपासून चाकणपर्यंत नव्हता. हे मी आजही छातीठोकपणे सांगतो. कंपनीत आमच्या खात्यात यंत्रांवर बसवायच्या पितळी पट्ट्या कोरल्या जात, त्यामुळे दिवसभर माझ्या हातून नावंच जायची. खात्यातल्या चिमाजीच्या थोरल्याचं नाव माझं. साहेबरावांच्या पिठाच्या गिरणीचं नाव माझं. कँटीनमध्ये येणाऱ्या मांजरीचंसुद्धा माझंच, आणि ती त्या नावाला ओ द्यायची. मग स्वतःच्या मुलीच्या वेळी मी मागे राहीन का?

साल अठ्ठ्याहत्तर. मी आणि मंजुळा कासारवाडीत स्टेशनच्या अलीकडे भाड्याच्या दोन खोल्यांत राहत होतो. त्याआधी आमची दोन मुलं गेली होती. हे इथंच सांगून टाकतो, पुढे सांगायला जमणार नाही. पहिला मुलगा, दुसरी मुलगी. दोघांपैकी कुणी बारशापर्यंतही राहिलं नाही. त्यानंतर आमच्या घरात तो विषय कधी निघाला नाही. मी काढला नाही म्हणून मंजुळानं काढला नाही, की तिनं काढला नाही म्हणून मी, ते देव जाणे.

ही तिसरी मुलगी फाल्गुनात झाली. रडणं असं खणखणीत, की नर्ससुद्धा हसली. मी मात्र दवाखान्याच्या बाहेरच्या बाकावर बसून राहिलो. मला उठायची भीती वाटत होती.

आमच्या कंपनीच्या कुंपणाला लागून एक पिंपळ होता. विजेच्या तारा ओढायच्या म्हणून त्याचा पार खुंट करून टाकला होता, आणि तो गेलाच असं सगळ्यांनी धरलं होतं. मुलगी झाली त्याच आठवड्यात त्या खुंटाला तांबूस पालवी फुटली. पानं इतकी कोवळी, की उन्हात आरपार दिसावं. मी सायकल टेकवून बघत राहिलो आणि नाव सुचलं. पालवी. आमच्याकडे मुलींना देवीचं नाव असायचं, नदीचं, फार तर फुलाचं. नुकत्या फुटलेल्या पानाचं नाव ऐकिवात नव्हतं. गेलं म्हणून ज्याची आशा सोडली ते परत आलं, असा माझ्या मते त्याचा अर्थ. मला भरूनच आलं.

घरी जाऊन मंजुळाला सांगितलं. ती बाळाला पाजत होती. मान न उचलता म्हणाली, "बरं आहे." मी समजलो, आनंदानं तिला शब्द सुचत नाहीयेत.

बारसं सव्वा महिन्यानं करायचं ठरलं. आता आमच्यात बाळाच्या कानात नाव सांगायचा मान आत्याचा. आत्या जे सांगेल ते नाव. बापानं काहीही ठरवलेलं असो. मला बहीण एकच, गोजाक्का. आई लवकर गेली, तेव्हा मला हिनंच वाढवलं. तळेगाव दाभाड्याच्या पलीकडे एका खेड्यात तिचं घर, तिची शेती आणि तिची शेरडं. आमंत्रण द्यायला मी स्वतः गेलो आणि बांधावर बसून तिला पालवी या नावाची थोरवी ऐकवली. कोवळेपणा, नवेपणा, आशा, सगळं सांगितलं. आक्कानं निवांत ऐकून घेतलं.

"आरं, पालवी काय मला ठावं न्हाई व्हय?" ती म्हणाली. "ती बघ, शेरडं काय खात्यात?"

समोर तिची शेरडं मागच्या पायांवर उभी राहून बोरीची कोवळी पानं ओरबाडत होती. मी दुसरीकडे बघितलं.

"पालवीवर समदीच टपल्याली असत्यात, दत्तू. दोन लेकरं गेली तुजी. हिचं नाव धोंडी ठिव. धोंड्याला कोण त्वांड लावत न्हाई."

आमच्या मावळातली ही जुनी रीत. मुलं जगत नसली की पुढच्याचं नाव धोंडी, दगडू, केरू असं ठेवायचं. नाव ऐकूनच मरणानं नाक मुरडावं आणि पुढच्या घरी जावं. मी आक्काला समजावलं, की हे सगळं जुनं झालं, आता माणूस चंद्रावर जाऊन आला.

"जाऊ दे की," आक्का म्हणाली. "त्याची लेकरं हायेत न्हवं घरी?"

मी परतीची गाडी धरली. गाडीत युक्ती सुचली. बारशाआधीच नाव इतकं जगजाहीर करून टाकायचं, की आक्काला ते बदलायची सोयच राहू नये. चारचौघांत ती भावाचं नाक कापणार नाही, याची मला खात्री होती.

दुसऱ्या दिवशी मी खात्यात नाव जाहीर केलं. आमचे चार्जमन बबनराव म्हणजे अबोल गृहस्थ, त्यांनी नुसती मान हलवली. पण बाकीच्यांनी उचलून धरलं. कासारवाडीत भांड्यांचं दुकान नूरमोहम्मदभाईंचं, आणि भांड्यावर नाव घालून दिल्याशिवाय ते गिऱ्हाइकाला सोडत नसत. चिमाजीनं वाटी घेतली, नाव घातलं पालवी. साहेबरावांनी तांब्या घेतला, पालवी. पहिल्या पाळीनं ताट घेतलं म्हणून दुसऱ्या पाळीनं मोठं ताट घेतलं. बबनरावांनी कुणाला न विचारता बादली घेतली. भाईंच्या छिन्नीची टकटक आमच्या खोलीपर्यंत ऐकू यायची आणि मी मंजुळाला म्हणायचो, ऐक, आपल्या पालवीचं नाव पडतंय. ती उठून खिडकी लावून घ्यायची. मला वाटायचं, बाळाची झोप मोडू नये म्हणून.

लाकडी साच्यांच्या खात्यातल्या खंडूनं तर कमालच केली. हातहात उंचीची लाकडी अक्षरं कापून, हिरवा रंग देऊन आणली आणि पाळण्यामागच्या भिंतीवर खिळ्यांनी पक्की ठोकली. घरमालकानं काही म्हणायच्या आत ठोकून झाली होती. आता आक्काच काय, कुणी आलं तरी ते नाव हलणार नव्हतं.

बारशाच्या दिवशी आक्का सकाळच्या गाडीनं आली. भिंतीकडे बघितलं, एक अक्षर बोलली नाही. मी मनात म्हटलं, जिंकलो. दुपारी शेजारपाजारच्या बायका जमल्या, खात्यातली मंडळी सहकुटुंब आली, पुरुष बाहेर सतरंजीवर भांडी मांडीवर घेऊन बसले. पाळणा सजला, घुगऱ्या झाल्या. कुणीतरी म्हणालं, बाळाला आणा. मी आतल्या खोलीत गेलो.

आत बाळ नव्हतं. मंजुळा नव्हती. आक्काही नव्हती. मागचं दार उघडं होतं.

आधी वाटलं, आक्का रागावून दोघींना तळेगावला घेऊन गेली. साहेबरावांना स्कूटरवरून स्टेशनावर पिटाळलं. चिमाजी म्हणाला नाशिक रस्त्याकडे बघतो, आणि सायकल घेऊन नेमका उलट्या दिशेला गेला. खंडू पुन्हा पुन्हा खाटेखाली वाकून बघत होता. तीन माणसं तिथं कशी मावतील हे त्यालाच ठाऊक. बाहेर पोचेपर्यंत बातमी पोर पळवली अशी झाली, आणि रस्त्यापलीकडे पोचली तोवर पळवणारा दाढीवाला होता. मला हसू येत नव्हतं. मला दवाखान्याचा तो बाक आठवत होता. दोनदा मी त्या बाकावरून रिकाम्या हातांनी घरी आलो होतो.

पोलिसांना फोन करावा म्हणून मी नूरमोहम्मदभाईंच्या दुकानाकडे धावलो, फोन तिथंच होता. भाई गल्ल्यावर शांत बसले होते. माझा चेहरा बघून त्यांनी नुसतं आत बोट दाखवलं.

दुकानामागच्या अंगणात भाईंच्या बायकोचं, झुलेखाभाभींचं, कोंबड्यांचं खुराडं होतं, त्याच्या कडेला केराचा ढीग. ढिगावर सूप आणि सुपात जुन्या लुगड्याच्या घडीवर आमची मुलगी गाढ झोपलेली. एका बाजूला आक्का, दुसऱ्या बाजूला झुलेखाभाभी, आणि दोघींची घासाघीस चाललेली.

रीत अशी, की मूल उकिरड्यावर टाकायचं, परक्या बाईनं ते आपलं म्हणून उचलायचं, आणि मग तिच्याकडून ओंजळभर कोंड्याच्या मोबदल्यात विकत घ्यायचं. म्हणजे मूल विकतचं झालं, आपलं नाही, आणि त्याच्यावर कुणाचा डोळा राहत नाही. आक्कानं सकाळपासून कासारवाडीत उकिरडा शोधला होता. जिकडेतिकडे वर्कशॉपं, ढीग दिसे तो लोखंडाच्या कातरणांचा. त्यावर पोर ठेवणार कशी? शेवटी हे खुराडं सापडलं. शिवाय भाभींची सगळी लेकरं जगलेली, म्हणून उचलायला त्याच हव्यात असं ठरलं. पण भाभी दुकानदाराच्या घरच्या. आक्कानं ओंजळ पुढे केली की त्या मान हलवायच्या आणि सुपाचा काठ स्वतःकडे ओढायच्या. सगळा उशीर त्यापायी झाला होता.

माझा जीव भांड्यात पडला आणि लगेच डोकं फिरलं. आक्काला काही बोलण्याची माझी छाती नव्हती, म्हणून मी मंजुळाकडे वळलो. ती भिंतीला पाठ लावून उभी होती. म्हटलं, घरी सगळी माणसं खोळंबलीत, मी वेडा व्हायची वेळ आली, आणि तू आक्काच्या नादाला लागून असल्या गोष्टींत येतेस?

"वन्संनी नाही आणलं मला," ती म्हणाली. "मीच निरोप धाडून त्यांना बोलावलं. तुम्ही आमंत्रणाला जायच्या आधीच."

म्हटलं, मग मला का नाही सांगितलंस?

"तुम्हाला नाव पाहिजे होतं," ती म्हणाली. "मला ती पाहिजे. भाईंच्या दुकानातून टकटक ऐकू आली की मी खिडकी लावून घ्यायचे. वाटायचं, सगळ्या गावाला ओरडून सांगतायत, इथं कोवळं आहे, इथं कोवळं आहे."

भाभींनी घासाघीस थांबवली. कोंड्याची ओंजळ पदरात घेतली, सूप उचललं आणि आक्काच्या हातात न देता माझ्या हातात दिलं. "संभालो भाईजान," त्या म्हणाल्या. "आता विकतची आहे, नीट न्या."

मी नीट नेली. एवढा सावकाश मी आयुष्यात चाललो नसेन.

घरी येताच गलका झाला, मग शांत झाला. मंजुळानं बाळाला पाळण्यात घातलं. मागं भिंतीवर हिरवी अक्षरं झळकत होती. बायकांनी पाळणा म्हटला. आक्का पाळण्यावर वाकली आणि तशीच थांबली. वाकल्या वाकल्या तिनं माझ्याकडे बघितलं. मला तेव्हा कळलं, की चारचौघांत भावाचं नाक न कापण्याबद्दल माझी खात्री बरोबर होती. ती मी ठरवलेलंच नाव सांगायला निघाली होती, आणि मंजुळा पाळण्याची दोरी धरून खाली बघत होती. पुन्हा "बरं आहे" म्हणायची तयारी दिसत होती तिची.

"आक्का," मी म्हटलं, "धोंडी."

आक्कानं बाळाच्या कानात कुर्र केलं, नाव सांगितलं आणि मग सगळ्यांना ऐकू जाईल असं मोठ्यानं म्हणाली. बायकांनी भिंतीकडे बघितलं, पाळण्याकडे बघितलं. मी घसा खाकरला. नावाचा अर्थ समजावून सांगायची मला सवयच होती. पण कुणी अर्थ विचारला नाही. एकीनंही नाही. कोपऱ्यात बसलेली एक म्हातारी, चाळीतल्या कुणाची तरी सासू, तेवढी सरकत पुढे आली आणि मंजुळाच्या गुडघ्यावर हात ठेवला.

"आदी किती गेली गं, बाय?"

"दोन," मंजुळा म्हणाली. "एक मुलगा, एक मुलगी." आणि मग थोडं थांबून, "मुलाचं जावळ लई दाट होतं. मुलीच्या कानामागं तीळ होता."

तीळ होता हे मला माहीत नव्हतं. मी त्या बाळाला हातातसुद्धा घेतलं होतं, पण मी चेहऱ्याकडेच बघत होतो. मंजुळा सांगत गेली, म्हातारी मान हलवत गेली, बाकीच्या जवळ सरकल्या. मग मंजुळाला रडू फुटलं, आणि आक्का मला म्हणाली, दत्तू, तू भायेर जा, पाव्हण्यांच्या च्याचं बघ.

मी बाहेर आलो. साहेबराव स्टेशनावरून परतले होते, चिमाजीचा पत्ता नव्हता. बबनराव बादली पुढ्यात घेऊन बसले होते.

"सापडली?" त्यांनी विचारलं.

"सापडली."

"मग नाव पालवीच ना?"

"नाही," मी म्हटलं. "धोंडी."

मला वाटलं, आता खात्यात जन्मभर माझी टिंगल होणार. बबनरावांनी थोडा विचार केला, एखादी नवी पट्टी हातात घेऊन बघावी तसा.

"टिकेल," ते म्हणाले, आणि चहाचा कप घेतला.