आठवणि काढून मिळतील

बोर्डवाल्या काकांना बायकोची आठवण काढायची होती. त्यासाठी ते सकाळीच गुळगुळीत दाढी करून, इस्त्रीचा सदरा घालून मशीनवाल्या बाईंच्या दुकानात जाऊन बसले होते. दुकान नवं होतं. दारावरचा बोर्डही नवा होता आणि तो काकांनीच रंगवला होता: 'आठवणि काढून मिळतील'.

काकू जाऊन दोन वर्षं झाली होती. त्यांचा चेहरा फोटोत होता, त्यांचे शब्द काकांना पाठ होते. पण हल्ली आवाज काही केल्या आठवेना, आणि त्यानं काकांची झोप उडाली होती. उभा जन्म काका शिडीवर चढून बोर्ड रंगवायचे आणि काकू खाली रस्त्यावर उभ्या राहून शुद्धलेखन तपासायच्या. वेलांटी म्हणजे काकांची जन्माची वैरीण. पहिली कुठे आणि दुसरी कुठे, हे त्यांना कधी उमगलंच नाही. मग काकू भर रस्त्यात ओरडायच्या, "अहो, पहिली पुसा, दुसरी करा!" येणारेजाणारे थबकून त्या समजूतदार बाईकडे बघत राहायचे. तो आवाज काकांना एकदा ऐकायचा होता. बाकी काही मागणं नव्हतं.

"कोणाची आठवण काढायची?" मशीनवाल्या बाईंनी विचारलं.

"बायकोची."

"थोडी काढू की सगळी?"

"थोडी कशाला? काढायचीच तर सगळी काढा की."

"काका, नीट विचार केलाय ना? काही जण मागाहून म्हणतात, फार काढली."

"अहो, मी घरी रोजच काढतो. हल्ली नीट निघत नाही, म्हणून तर तुमच्याकडे आलो."

बाईंना गलबलून आलं. बिचारा स्वतः खटपट करून थकलेला दिसतोय! त्यांनी काकांच्या डोक्यावर टोप चढवला आणि बटण दाबलं. यंत्र गुरगुरलं. नळीतून मधासारखं काहीतरी थेंब थेंब उतरत गेलं आणि बरणी काठोकाठ भरली.

"बरणी घरी नेताय ना? तुमचीच आहे."

"नको बाई, घरात आधीच पसारा फार," काका म्हणाले आणि शीळ घालत घरी गेले.

लेकीनं दार उघडलं. काका आत आले आणि भिंतीवरच्या फोटोपाशी थांबले.

"या बाई कोण गं?"

"बाबा, थट्टा पुरे. आई आहे ती."

"कोणाची?"

"माझी!"

"असं होय! छान आहेत हो दिसायला." काकांनी नकळत भांग सारखा केला. "मग माझ्या कोण लागतात?"

लेकीच्या हातातलं पातेलं खाली पडलं. ती रडायला लागली तसे काका ओशाळले. आपण काहीतरी मोलाचं हरवून आलोय एवढं त्यांना कळलं. काय ते कळेना.

अर्ध्या तासात दोघं पुन्हा दुकानात हजर. "आठवण काढणं म्हणजे माणसाला आठवणं!" लेक कडाडली. "तुम्ही उपटूनच काढलीत?"

"दात काढतात तशीच काढते मी. बोर्डावर स्वच्छ लिहिलंय."

"आणि लोक हसताना दात काढतात, तेव्हा ते हातात येतात का?"

बाईंनी बरणी पुढे ओढली. मग हळूच म्हणाल्या, "परत घालता येते. पण बरणीत सगळं ताजं राहतं. दोन वर्षांत दुःखाची जी सवय झाली होती, ती त्यात नाही, ती गेली. काकू आजच गेल्यासारखं वाटेल."

आता लेकीचाही धीर खचला. "बाबा, तुम्हीच सांगा."

काकांनी क्षणभर विचार केला. "त्यांचा आवाज कसा होता गं?"

"मोठा. या टोकापासून त्या टोकापर्यंत ऐकू जाईल असा."

"मग घाला," काका म्हणाले.

बरणी रिकामी झाली आणि काका ओक्साबोक्शी रडले. लेकीनं त्यांचं डोकं पोटाशी धरलं. तीही रडली. बाई पंख्याकडे बघत उभ्या राहिल्या.

बऱ्याच वेळानं काकांनी डोळे पुसले. बाई चाचरत म्हणाल्या, "काका, तो 'काढून' तेवढा बदलून द्याल का? पुन्हा कुणाचा असा घोळ नको."

काकांनी शिडी लावली, खिशात फडकं कोंबलं, हातात ब्रश आणि रंगाचा डबा घेतला आणि ते वर चढले. लेकीनं शिडी धरली. वर गेल्यावर ते एकदम थबकले. त्यांनी कान टवकारले आणि गालावर ओघळ तसेच असताना ते हसायला लागले. मग 'काढून'ला हातही न लावता त्यांनी 'आठवणि'वर फडकं फिरवलं.

"काका, 'काढून' पुसायचं होतं!" बाई खालून ओरडल्या. रस्त्यावरचे चारदोन जण थांबले.

"ते बरोबर आहे," काका वरूनच म्हणाले. "ऐकू येत नाही का तुम्हाला? पहिली पुसा, दुसरी करा म्हणतेय ती."