बबनमामांचा चिनी हिरो

आमच्या भिंगारच्या गल्लीतले बबनमामा रोज सकाळी दूधवाल्यासमोर धाडकन पडतात. पाय घसरल्याचं सोंग करून, हातातलं पातेलं मात्र सरळ धरून. दूधवाला आता घाबरत नाही. मामा उठेपर्यंत तो मोबाईल बघत उभा राहतो.

हे पडणं चिनी आहे. मिलिटरीच्या वर्कशॉपातून रंगारी म्हणून रिटायर झाल्यावर मामांना मोबाईलवर चीनचे जुने मूकपट सापडले आणि त्यातला एक नट त्यांच्या मानगुटीवरच बसला. नाव वाचता येत नाही, म्हणून ते त्याला ‘आपला हिरो’ म्हणतात.

"आरं, गोष्ट त्याची, पडदे त्यानंच रंगवलेले, मारामारी त्याची, आन् नवरी कमी पडली तर शालू नेसून नवरीबी त्योच!"

एकदा नवरीची तालीम करताना मामा खरंच जिन्यावरून गडगडले, शांतामामींच्या लग्नातल्या शालूसकट. आम्ही उचलायला धावलो, तर म्हणाले, "थांबा, हिरो दोनदा पडतो." आणि पुन्हा वर चढले.

"मामा, एखादा बोलपट बघा की," मी म्हणालो.

"बोलनारे लई हायेत," एवढंच म्हणाले.

यंदा गणपतीत त्यांनी मंडळाकडे हात जोडून स्टेज मागितलं. अट एकच: मामींची खुर्ची पहिल्या रांगेत. टायफॉइडात कान गेल्यापासून मामी चारचौघांत येत नव्हत्या. लोक हसले की आपल्यालाच हसतात, असं त्यांना वाटायचं. मामांनी त्यांना कसंबसं राजी करून आणलं.

माईक माझ्याकडे होता. वाटलं, निदान इथे तरी मामा तोंडाने बोलतील. कसलं काय! ते ओठ हलवत आले, लाकडी तलवार उपसली, शालूचा पदर घेऊन लाजले, शिडीवरून पडले. लोक कानामागे हात धरून ओरडायला लागले, "आवाज येईना! माईक बघा!" मी घामाघूम होऊन वायरी उपसतोय आणि मामा माझ्यावरच डोळे वटारतायत.

तेवढ्यात पहिल्या रांगेत हसू फुटलं. मामी आपला शालू ओळखून पोट धरून हसत होत्या. किती दिवसांनी हसल्या त्या! मग त्यांनी मागे वळून सगळ्यांचे कानामागचे हात पाहिले आणि नवऱ्याला मोठ्यांदा विचारलं, "आवो, आज कुनालाच ऐकू येईना व्हय?"

कानामागचे हात एकेक करून खाली आले. मी माईक बंद केला.

मामा तेव्हा पुन्हा शिडीवर चढले होते. त्यांनी वरूनच ‘व्हय’ अशी मान हलवली आणि मामींसाठी दुसऱ्यांदा पडले.