तीन तोडे आणि काष्टीची चौकशी

"देवळाली प्रवरात कोणालाही विचारा," मी काष्टीच्या पाहुण्यांना छातीवर हात ठेवून सांगितलं होतं, "माझ्याबद्दल एक वावगा शब्द निघाला, तर मी बातम्या लिहिणं सोडून देईन!"

मी वार्ताहर आहे. दोन माणसांनी दुजोरा दिल्याशिवाय मी नळाला पाणी न आल्याचीसुद्धा बातमी पाठवत नाही. स्वतःचा नळ कोरडा ठणठणीत असला तरी शेजारी विचारून येतो! अशा माणसाला चौकशीचं कसलं भय?

मुलगी मला पसंत होती. मोनिका तिचं नाव. कांदेपोह्यांच्या वेळी तिनं एकच प्रश्न विचारला, "रिकाम्या वेळात काय करता?" मी ऐटीत म्हणालो, "रिकामा वेळच मिळत नाही!" ती हसली. ते हसू घेऊनच मी काष्टीहून परतलो. लग्न करायचं तर हिच्याशीच, असं मी आईला एसटीतच सांगून टाकलं. आता फक्त चौकशी राहिली होती.

आमच्याकडे सोयरीक पक्की होण्याआधी मुलाची चौकशी गुपचूप होते. ती इतकी गुपचूप असते की सगळ्या गावाला कळते. अनोळखी पुरुष दाढीच्या दुकानात नको तितका वेळ बसला किंवा अनोळखी बाई आधार कार्डाची झेरॉक्स काढायला परगावाहून आली, की समजायचं, कोणाचं तरी जमतंय! मग दुकानदारानं मुलाबद्दल चार चांगले शब्द बोलायचे, बाईनं नको असलेली झेरॉक्स पिशवीत घालायची आणि निघायचं. पिढ्यान्‌पिढ्या हे असंच चालत आलंय. कोणाचं काही बिघडलं नाही.

माझं बिघडलं, कारण माझं कार्यालय परवेझभाईच्या झेरॉक्सच्या दुकानातच आहे. मध्ये एक प्लायवूडची फळी. फळीच्या पुढे परवेझभाई, मागे मी.

आणि फळीमागे मी एक मोबाईल गेम खेळत होतो.

नाकं मुरडू नका! साधासुधा गेम नव्हता तो. त्यात आपण एका गडाचे सेनापती असतो. गडावर शत्रू चालून येणार असतो. त्यातल्या माणसांशी आपण मोबाईलमध्ये चक्क बोलायचं आणि त्यांनी मराठीतून उत्तरं द्यायची. गड वाचवायला तलवारी लागतात, त्या घडवते एक लोहारीण. फौज लागते, ती शेजारच्या राणीकडे. आणि चोरवाट ठाऊक असते जंगलातल्या तिरंदाज बाईला. या तिघींपैकी जिचं मन आपण जिंकू, ती मदत करते. लोक म्हणे एकीलाच निवडतात.

एकीलाच? मी हसलो! तालुक्यात वार्ताहरकी करणारा माणूस सत्ताधारी, विरोधक आणि तिसरी आघाडी, तिघांकडे एकाच दिवशी चहा पितो आणि तिघांनाही आपलाच वाटतो. मला तीन बायका जड जाणार होत्या?

त्यांची मूळ नावं मात्र जिभेला वळसे घालणारी होती. नावं बदलायची सोय होती. समोर टेबलावर महिला दूध संस्थेची बातमी पडली होती: संचालिका बिनविरोध. मी त्यातली पहिली तीन नावं उचलली. लोहारीण झाली बायडाबाई, राणी झाली सुरय्या आणि तिरंदाज झाली रेश्मा. कामाला लागलो.

एक बातमी तीन आवृत्त्यांना पाठवताना आपण काय करतो? वरचं गाव बदलतो, बाकी मजकूर तोच. मीही तेच केलं. "तुझ्याइतकं मला आजवर कोणी समजून घेतलं नाही," हे वाक्य तिघींनाही सारखंच लागू पडलं. भेट म्हणून चांदीचा एकेक तोडा दिला. तोडे लोहारणीच्याच दुकानात मिळत होते. एकदम तीन घेतले.

लंकाबाई, म्हणजे मोनिकाच्या आत्या, आधार कार्ड घेऊन परवेझभाईच्या दुकानात उभ्या राहिल्या, तेव्हा मी फळीमागे कानात इअरफोन घालून याच कामात बुडालेलो होतो. पुढचं संभाषण मला परवेझभाईनं नंतर सांगितलं.

"हितं तो पेपरवाला बसतो ना? कसा हाय पोरगा?"

परवेझभाईनं रीतीप्रमाणे सुरुवात केली, "आदिनाथ? सोनं हाय, मावशी! लई चांगला. कुनाला नाराज करत न्हाई!"

आणि फळीमागून माझा आवाज आला, "रेश्मा, तुझ्याइतकं मला आजवर कोणी समजून घेतलं नाही!"

लंकाबाईंनी कान टवकारले. परवेझभाई घाईघाईनं म्हणाला, "बातमीचं काम चालू हाय."

"सुरय्या, तुझ्याइतकं मला आजवर कोणी समजून घेतलं नाही! हा तोडा फक्त तुझ्यासाठी!"

"लई काम असतं त्याला," परवेझभाई म्हणाला.

"बायडाबाई! तुझ्याइतकं मला..."

लंकाबाई झेरॉक्स न घेताच बाहेर पडल्या.

आता यावर माझा आक्षेप असा आहे की, बाईंनी फळी ठोठावली असती तर प्रकरण तिथंच मिटलं असतं! पण नाही. त्या माझ्याच पद्धतीनं गेल्या. दुजोरा घ्यायला! चौकात भाजीवालीला विचारलं, "हितं कुनी रेश्मा हाय का? सुरय्या? बायडाबाई?" भाजीवालीनं तिन्ही नावं ओळखली, वर तिघींची ऊठबस एकाच ठिकाणी असते, असंही सांगितलं. दूध संस्थेत! मग लंकाबाई थेट बायडाबाईंच्या दारात.

या खऱ्या बायडाबाई म्हणजे दूध संस्थेच्या अध्यक्षा. नातवंडांना मिसरुडं फुटलेली. सभेत बोलायला उभ्या राहिल्या की माईक बंद करतात, कारण गरजच पडत नाही.

"तुमच्या गावचा पेपरवाला तुमाला तोडा देनार हाय," लंकाबाईंनी त्यांना सांगितलं. "तुमच्याइतकं त्याला कुनी समजून घेतलं न्हाई म्हनं!"

संध्याकाळी मी घरी आलो, तर आई उंबऱ्यातच उभी. तिच्या हातात मोबाईल होता आणि चेहरा पाहून वाटलं, तो ती मला फेकून मारणार.

"काष्टीवाल्यांनी सोयरीक मोडली!"

"का?"

"मलाच इचारतोस? तीन-तीन बायका! त्यातली एक माझ्यापेक्षा मोठी! आरं, मी तिला वाकून नमस्कार करते रं!"

"आई, त्या मोबाईलमधल्या आहेत!"

"मोबाईलवरच चालतात ही थेरं, म्हाईत हाय मला!"

मी परवेझभाईकडे धावलो. "तू त्यांना सांगितलं का नाहीस, की मी गेम खेळतोय?"

"मला कुठं ठाऊक? आदिभाऊ, मला वाटलं, तू मुलाखत घेतोस!"

"अशी मुलाखत असते?"

"मी पेपर कुठं वाचतो?" परवेझभाई शांतपणे म्हणाला.

मी काष्टीला फोन लावला. माझा नुसता संताप झाला होता! आरोपीचं म्हणणं न घेता निकाल? आम्ही पाकीटमाराचीसुद्धा बाजू छापतो! मी लंकाबाईंना बजावलं, "आत्या, मी पुरावा दाखवतो. तो पाहा आणि मगच काय ते ठरवा." त्या यायला तयार झाल्या, बहुधा भांडण अर्धवट राहिलंय असं वाटून.

ठरल्या दिवशी आमच्या घरी लंकाबाई आल्या. त्यांच्याबरोबर मोनिकाही आली. "मला ऐकायचंय, ते काय म्हणतात," एवढंच म्हणाली. यावेळी हसली नाही. पण पुरावा खिशात होता, म्हणून मी ताठ बसलो. तेवढ्यात दारातून न बोलावलेला आवाज घुमला.

"कुठाय माझा तोडा?"

बायडाबाई! आईनं सवयीनं वाकून नमस्कार केला आणि मग आपण हे काय केलं, म्हणून माझ्याकडे रागानं पाहिलं.

"मावशी, सगळं कळेल. बसा," मी म्हणालो. मोबाईल पाण्याच्या तांब्याला टेकवून उभा केला. आवाज मोठा केला. "आता ऐका. या तिघी खऱ्या नाहीत, हे तुम्हाला त्यांच्याच तोंडून कळेल!"

गेम सुरू झाला. या भानगडीत कित्येक दिवस मी तो उघडलाच नव्हता. पडद्यावर गड दिसला. गडाच्या चौकात तिघी उभ्या होत्या. एकत्र. तिघींच्या हातात एकेक तोडा.

"या सेनापती," राणी म्हणाली. "तुमचीच वाट पाहत होतो."

"तुझ्याइतकं मला आजवर कोणी समजून घेतलं नाही," तिरंदाज बाई म्हणाली, "हे वाक्य तुम्ही तिघींना बोललात. एक शब्दही बदलला नाहीत."

"आणि मला दिलेला तोडा माझ्याच दुकानातला!" लोहारीण गरजली. "मी घडवलेला! मलाच!"

आईनं पदर तोंडाला लावला.

"तलवारी मिळणार नाहीत. फौज येणार नाही. वाट सापडणार नाही," तिघी एका सुरात म्हणाल्या. गडाचा दरवाजा धाडकन कोसळला. शत्रू आत शिरला.

"बघितलंत?" मी विजयानं ओरडलो. "आहे की नाही गेम?"

"गेम हाय, खरं हाय," लंकाबाई म्हणाल्या. "पन त्यातबी तुमी हेच केलं ना? मोकळ्या रानात सोडलं, तर मानूस खरा कळतो. चल गं मोनिका."

मी हतबुद्ध झालो. निर्दोष सुटल्याबद्दल शिक्षा!

"थांबा की," बायडाबाई मध्येच म्हणाल्या. त्या मोबाईलकडे टक लावून पाहत होत्या. "यातली बायडाबाई कंची?"

"ती... तलवारीवाली."

त्यांनी लोहारणीचे दंड नीट न्याहाळले. "ब्येस हाय!" त्या म्हणाल्या आणि मांडी घालून ऐसपैस बसल्या. "माझी काय तक्रार न्हाई. मला चा टाका."

मोनिका उठली नव्हती. तिनं हात पुढे केला. "मोबाईल द्या जरा."

मी दिला. तिची बोटं पडद्यावर सरसर फिरू लागली. लोहारणीला तिनं खाणीवर पाठवलं. राणीला सरहद्दीवर. तिरंदाज बाईला जंगलात. मग एकेकीला वेगळं गाठून, वेगळ्याच शब्दांत माफी मागितली. राणीला म्हणाली, "चुकलो, कारण तुमच्यापुढे मला शब्दच सुचत नाहीत." मी जन्मात असं वाक्य लिहिलं नव्हतं! चहा येईपर्यंत तलवारी आल्या, फौज आली, चोरवाट उघडली. चहा संपेपर्यंत गड परत मिळाला.

"तिघींना एकाच गावात ठेवतात का?" ती मला म्हणाली. "आणि तिघींना एकच वाक्य? राग त्याचा येतो."

"तुम्ही... हा गेम खेळता?"

"खेळते ना, गडाची राणी होऊन. माझं चौघांशी चालू आहे. सेनापती, प्रधान, एक शाहीर आणि एक दर्यावर्दी." मग ती हसली, तेच हसू. "एकालाही पत्ता नाही."

मी लंकाबाईंकडे पाहिलं. आता खरा न्याय होईल! मी तिघींसाठी मोडीत निघालो, इथं तर चौघे होते!

लंकाबाईंचा चेहरा अभिमानानं फुलला होता. "बघा पाव्हनं!" त्या माझ्या आईला म्हणाल्या. "किती हुशार हाय आमची पोर! हिच्या हाताखाली तुमचा पोरगाबी सुधरंल. काडा तारीख!"

आई चक्क हो म्हणाली. बायडाबाईंनी जोरात टाळी वाजवली. मला कोणी विचारलंच नाही. विचारलं असतं तरी मी हो म्हणालो असतो, ते वेगळं. पण ही कसली रीत? मी केलं तर थेरं आणि तिनं केलं तर हुशारी?

मी मुकाट्यानं बसणारा माणूस नव्हे. दुसऱ्याच दिवशी मी परवेझभाईला त्याचं आधार कार्ड घेऊन काष्टीला पाठवलं. म्हटलं, मुलीचीही चौकशी झालीच पाहिजे! दोन ठिकाणी विचार, दुजोरा घे, मगच परत ये.

तो एक झेरॉक्स घेऊन परतला. मोनिकाच्या घराशेजारच्या झेरॉक्सच्या दुकानात त्यानं विचारलं होतं, पुढच्या पिठाच्या गिरणीतही विचारलं होतं.

"काय म्हणाले?"

"दोन्हीकडं तेच म्हनाले, आदिभाऊ," परवेझभाई खुशीत म्हणाला. "सोनं हाय पोरगी! लई चांगली. कुनाला नाराज करत न्हाई!"