घाडींचे अर्धे वाक्य

गंगाराम घाडी यांनी एखादे वाक्य पूर्ण केल्याचे माझ्या ऐकिवात नाही, आणि त्यांचे सर्व काही माझ्या ऐकिवात येते, कारण लालबागच्या आमच्या चाळीत त्यांच्या व माझ्या खोलीमध्ये केवळ एक भिंत आहे. वाक्याचा पहिला अर्धा भाग ते तिन्ही मजल्यांना ऐकू जाईल अशा पट्टीत उच्चारतात आणि हनुवटी वर करून थांबतात. उरलेला अर्धा समोरच्याने पुरवायचा असतो. बाजारात ते "बांगडा ताजा—" एवढेच म्हणतात, आणि कोळणीने "ताजाच हाय, भाऊ" म्हणेपर्यंत पिशवी उघडत नाहीत. डॉक्टरीण बाईंसमोर ते एकदा "उजवा गुडघा—" म्हणून थांबले. बाई नवीन होत्या. त्याही थांबल्या. शेवटी बाहेरच्या बाकावरचा एक पेशंट कंटाळून "दुखतो" म्हणाला, तेव्हा तपासणी सुरू झाली.

ही सवय गिरणीच्या फाटकावर लागलेली. घाडी नोकरीला साचेखात्यात, म्हणजे मागांवर, होते, पण त्यांचे खरे काम मोर्चात घोषणा देण्याचे. त्या कामाचे शास्त्र त्यांनी मला, आमचा अबोला सुरू होण्यापूर्वी, समजावून सांगितले होते. "वरची ओळ एकाची, अर्जदार, आणि खालची ओळ हजारांची. खालची आली नाय, तर वरची नुसती बोंब."

'अर्जदार' म्हणजे मी. फोर्टातल्या एका सॉलिसिटरच्या कचेरीत मी हेडक्लार्क म्हणून निवृत्त झालो. मसुदा कसा असावा हे मला कळते आणि तो तसा नसला की मला संताप येतो. संताप आला की माझा आवाज फाटतो, तोंडातून शब्दांऐवजी वारा येतो. म्हणून मी लिहितो. वॉर्ड ऑफिसला, पोलीस ठाण्याला, संपादकांना. लाउडस्पीकरविषयी, खड्ड्यांविषयी, 'येथे वाहने उभी करू नये' या फलकातील 'येथे' म्हणजे नेमके कोठे याविषयी. उत्तरे फारशी येत नाहीत. प्रती मात्र माझ्याजवळ आहेत.

गिरणी बंद पडली, घाडींचा गळा बंद पडला नाही. सगळ्या पक्षांना तो लागत असे. सकाळी फेरीवाल्यांना हटवण्यासाठी आणि दुपारी फेरीवाल्यांना वाचवण्यासाठी, अशा दोन घोषणा त्यांनी परळच्या एकाच नाक्यावर, एकाच शर्टात दिलेल्या मी पाहिल्या आहेत. या प्रश्नी आपले स्वतःचे मत काय, असे मी त्यांना स्पष्ट विचारले होते.

"वकील अशिलाचं बोलतो ना? मी मोर्चाचं बोलतो," घाडी म्हणाले. "मधे माझं मत घातलं तर घसा बसेल."

घाडींविरुद्ध मी लिहिले ते त्यांच्या संध्याकाळच्या आगमनाविषयी. रोज साडेसहाला ते खालच्या चौकात उभे राहत आणि दुसऱ्या मजल्याकडे बघून "आलो गो, आलो—" अशी वरची ओळ देत. गॅलरीतून सुलभावहिनी खालची ओळ देत, "हातपाय धुवन वर येवा!" वहिनींचा गळाही कमी नव्हता. माझ्या फडताळातल्या कपबशा वाजत. निवासी जागेत दररोज, ठरावीक वेळी आणि हेतुपुरस्सर होणारा हा उपद्रव असल्याचे मी रहिवासी संघाला तीन प्रतींत कळवले. एक प्रत घाडींना टपालाने पाठवली. आमचा अबोला तेव्हापासूनचा.

गेल्या हिवाळ्यात वहिनी गेल्या. त्यानंतरही घाडी साडेसहाला येत, चौकात उभे राहत, वर बघत आणि तोंड न उघडता जिना चढत. मी फाइल काढून त्या प्रकरणावर 'तक्रारीचे निवारण झाले' असा शेरा मारला व खाली सही केली. हे मी केले, याची येथे नोंद असावी.

पुढे चाळीच्या पुनर्विकासाचा मसुदा आला. तो घरोघर वाटला गेला, आणि वाचला बहुधा मी एकट्याने. त्यातील कलम एकोणीस असे होते, की ज्या खोलीची भाडेपावती मयत व्यक्तीच्या नावे आहे आणि प्रस्ताव मंजूर होण्याच्या दिवसापर्यंत जिच्यावर वारसाचे नाव चढलेले नाही, ती खोली नव्या इमारतीत जागेस अपात्र ठरेल. असे कलम लिहिणाऱ्याला मी माझ्या कचेरीत पेन्सिलीला टोक करायलाही ठेवले नसते. घाडींची खोली आधी वहिनींच्या वडिलांची, नंतर वहिनींच्या नावची. वारस नोंदीचा फॉर्म वहिनींच्या तेराव्यानंतर मीच आणून, माझ्या हाताने होता होईल तेवढा भरून, मुकाट्याने घाडींच्या हातात ठेवला होता. तो त्यांनी घडी घालून शर्टाच्या खिशात ठेवला. तो तेथेच होता.

आमच्या चाळीत मतदान कागदावर होत नाही, हात वर करूनही होत नाही. एक जण "प्रस्ताव—" अशी हाक देतो, बाकीचे "मंजूर" म्हणतात, आणि अध्यक्ष वहीत तसे लिहून टाकतात. या पद्धतीविरुद्ध मी चार पत्रे दिली आहेत. ती हाक वर्षानुवर्षे घाडी देतात. म्हणजे रविवारच्या सभेत सकाळी दहा वाजता घाडी स्वतःच्या गळ्याने स्वतःला रस्त्यावर काढणार होते.

मी तत्काळ त्यांना पत्र लिहिले. भिंतीवर थाप मारता आली असती, पण अबोला होता. शिवाय थापेची पोचपावती मिळत नाही. शुक्रवारी पोचपावती घाडींच्या सहीनिशी परत आली. कायद्याच्या दृष्टीने त्यांना सर्व अवगत झाले होते.

रविवारी चौकात खुर्च्या मांडल्या होत्या. विकासकाचा माणूस पहिल्या रांगेत फोन बघत बसला होता. घाडी पांढऱ्या शर्टात माइकशेजारी उभे होते, आणि त्यांचा चेहरा इतका निवांत होता की मला शंका आली. वर्षभरानंतर प्रथमच मी त्यांच्याशी बोललो. माझे पत्र वाचलेत ना, असे विचारले.

"तुमची पत्रं मी फोडीत नाय, अर्जदार," ते म्हणाले. "डब्यात ठेवतो. मी मोठ्यानं बोलतो ते मला ठाऊक आहे."

तेवढ्यात अध्यक्ष सावंत यांनी प्रास्ताविक सुरू केले. मी उभा राहिलो आणि हरकत घेतली.

"नाना, लेखी द्या," सावंत म्हणाले. "तुमचं लेखीच असतं ना?"

लोक हसले. लेखी दिले आहे, बारा दिवसांपूर्वी दिले आहे, असे मी सांगितले. मग ते फायलीत आहे, बसा, असे सावंत म्हणाले. मी बसलो नाही. "कलम एकोणीस" एवढे कसेबसे बोललो आणि आवाज फाटला. पुढे नुसता वारा. मागून कोणीतरी "नानांचा व्हॉल्यूम वाढवा" म्हणाले. सावंतांनी घाडींना खूण केली. घाडी पुढे झाले. त्यांनी छाती भरून घेतली, हनुवटी वर केली. सगळी चाळ 'मंजूर' म्हणायला तोंड उघडून बसली होती.

माझ्या पत्रात 'सदर गाळ्याच्या मूळ भाडेकरू' असे शब्द होते. ते शब्द त्या क्षणी मला आठवले नाहीत. मी घाडींची बाही धरली आणि म्हणालो, "सुलभावहिनींची खोली जाईल, घाडी."

हळू म्हणालो, पण आवाज फाटला नाही.

घाडींनी भरलेली छाती तशीच सोडून दिली. "कोणाची?" असे त्यांनी विचारले, ते चाळीला, समोरच्या चाळीला आणि रस्त्यालाही ऐकू गेले. मी खिशातून हरकतीची प्रत काढली. मला ती मोठ्याने वाचता येईना. त्यांनी ती माझ्या हातातून घेतली, डोळ्यांपासून लांब धरली आणि गिरणीच्या फाटकावर उभे असल्यासारखी सुरुवात केली.

"कलम एकोणीस—"

खालची ओळ कोणाला ठाऊक नव्हती. घाडी थांबले. हनुवटी वर. सावंत माइक ओढू लागले, पण घाडींना माइक कधीच लागलेला नव्हता. त्यांनी दुसऱ्यांदा तेच शब्द टाकले. मग तिसऱ्या मजल्याच्या कठड्यावरून परबांच्या आजी, ज्यांची भाडेपावती अजून त्यांच्या कै. यजमानांच्या नावे होती, बारीक आवाजात म्हणाल्या, "रद्द करा."

"वारसांना अपात्र ठरवणारं—"

"रद्द करा." या वेळी दहा-बारा गळे होते.

माझा पाच पानी मसुदा घाडींनी असा पोटकलमांसह वाचला. 'तथापि' या शब्दावरही त्यांनी लोकांना थांबवले आणि लोकांनी तोही रद्द केला. मी दुरुस्ती सुचवणार होतो, पण ती वेळ नव्हती. चाळीत अशा पाच खोल्या निघाल्या. विकासकाच्या माणसाने फोन खिशात ठेवला. 'कलम एकोणीसच्या दुरुस्तीसाठी प्रस्ताव एक महिना तहकूब' असे सावंतांनी वहीत लिहिले, आणि ते लिहीत असताना मी त्यांच्या खांद्यामागे उभा होतो.

एक महिना म्हणजे फार नव्हे. सोमवारी दुपारी मी पेन घेऊन घाडींकडे गेलो. फळीवर बिस्किटांचा पत्र्याचा डबा होता. त्यात माझी सगळी पत्रे न फोडलेली आणि तारीखवार लावलेली होती. घाडींनी खिशातून फॉर्म काढला. घड्यांवर तो विरला होता. सर्व रकाने माझ्या अक्षरात भरलेले होते, एक सोडून. 'मूळ भाडेकरू : हयात / मयत. लागू नसेल ते खोडावे.' हा रकाना अर्जदाराने स्वहस्ते भरायचा असतो, म्हणून मी तो मोकळा ठेवला होता.

घाडींनी पेन उचलले. कागदाला टेकवले. पुन्हा खाली ठेवले. मग त्यांनी हनुवटी वर केली.

"श्रीमती सुलभा गंगाराम घाडी—"

आणि ते थांबले.

आयुष्यात मी कोणालाही खालची ओळ दिलेली नाही. रकाना स्वहस्तेच भरला पाहिजे, हा नियम मला ठाऊक आहे; दुसऱ्याने भरलेले असे फॉर्म मी स्वतः परत केलेले आहेत. मी पेन घेतले आणि 'हयात' या शब्दावर एक सरळ रेघ ओढली.

घाडींनी फॉर्म उचलून डोळ्यांपासून लांब धरला.

"मंजूर," ते म्हणाले. इतके हळू, की मी त्या दिवशी भिंतीच्या माझ्या बाजूला असतो, तर मला ते ऐकू आले नसते.