मिठाच्या पोत्यातला घोडा

करोडगिरीचा जकातनाका ओलांडून इंग्रजी मुलखातून आलेलं मिठाचं पोतं रुद्रप्पांनी वडवणीच्या दुकानात फोडलं, आणि पहिल्याच मापाबरोबर वर आला बोटाएवढा वाळका घोडा. लांबट तोंड, बाकदार मान, तिच्यावर आयाळ.

"खंडोबाचा घोडा!" बायकोनं, बसम्मानं, हात जोडले.

"पाय कुटं हायेत ह्याला?"

"देवाच्या घोड्याला पाय कशाला लागत्यात?"

रुद्रप्पांनी घोडा तिच्या हातात दिला. बसम्मापुढं त्यांचं सहसा चालत नसे. घोडा देव्हाऱ्यात बसला, वर भंडारा पडला. त्या दिवसापासून घरची मांजरही देव्हाऱ्यासमोर ठाण मांडून बसली. दूध नको, उंदीर नको, नजर घोड्यावर. भक्त मांजर बघायला गल्ली लोटली. बातमी युसूफ वडगावच्या भीमाशंकरअप्पांच्या कानी गेली. त्यांच्या मुलाशी रुद्रप्पांच्या लेकीचं जुळत आलं होतं. अप्पा आचाराला असे कडक, की शेजारी मटण शिजलं तरी त्या घरचं पाणी घेत नसत. "दर्शनबी घेऊ, सुपारीबी फोडू," असा त्यांचा निरोप आला.

ते यायच्या सकाळीच मुंबईला चार वर्षं काढून आलेला शेजारी गहिनीनाथ डोकावला आणि खो खो हसत सुटला.

"शेट, मासा हाय की ह्यो! समुद्रातल्या गवताला शेपटीनं धरून ऱ्हातो. कोळ्यांच्या जाळ्यात लई बघितलेत."

"हळू बोल, बाबा!"

रुद्रप्पांनी देव्हाऱ्याकडे धाव घेतली. लिंगायताच्या देव्हाऱ्यात मासा! पोरीची सोयरीक आता मोडलीच म्हणायची. ते घोडा उचलणार तोच दारात छकडा थांबला, आणि पाहुण्यांमागून सगळी गल्ली आत शिरली.

भीमाशंकरअप्पांनी हात जोडून डोळे मिटले. सगळ्यांनीच मिटले. उघडे राहिले ते रुद्रप्पांचे आणि मांजरीचे. तिनं झेप घेतली. कुरूम, कुरूम.

रुद्रप्पांना इतकं हायसं वाटलं, की मांजरीचे पाय धरावेत.

"घोडा कुटं गेला?" अप्पांनी डोळे उघडले.

"देव शिकारीला गेलं जनू," रुद्रप्पा कसेबसे म्हणाले.

बसम्मानं येळकोट केला, गल्लीनं री ओढली. सुपारी फुटली.

निघताना अप्पांनी रुद्रप्पांना छकड्याआड ओढलं.

"व्याही, आधी मांजरीच्या मिशांवरचा भंडारा पुसा. आन् चार दिवस ती आमाला द्या. आमच्याबी मिठात निघालाय एक. म्हातारीनं देव्हाऱ्यात बसवलाय, तिच्याम्होरं कोन बोलनार? सून यायच्या आत त्योबी शिकारीला जायला पायजे."

रुद्रप्पांनी स्वतःच्या हातानं मांजर टोपलीत घातली. लेकीच्या आधी तीच सासरी निघाली.