पोचलं म्हणा

आमच्या ऑफिसातल्या निपाणीच्या अण्णांना "बरं" म्हटलेलं चालत नाही. मान हलवलेली तर मुळीच नाही. त्यांनी काही सांगितलं की समोरच्यानं तोंडानं "पोचलं" म्हणायचं. बेंगळुरात हेब्बाळला रिक्षावाला कानडीत "आयितु", म्हणजे "झालं", म्हणेपर्यंत हा गृहस्थ एक पाय रस्त्यावर ठेवून उभा. मी पुण्याचा, सांगायची सवय दांडगी, ऐकायची बेताची. नोकरीच्या पहिल्याच महिन्यात त्यांना वैतागलो.

या वेडाचं मूळ त्यांच्या चष्म्याच्या डबीत आहे. चष्मा खिशात किल्ल्यांबरोबर चरे पाडून घेत असतो आणि डबीत राहतो लॉजिक अॅनालायझर. काडेपेटीएवढं यंत्र, एकीकडे आठ रंगीत वायरी, दुसरीकडे लॅपटॉपची यूएसबी केबल. वायरींचे चिमटे सर्किटला लावले की कुठली चिप कधी काय बोलली आणि समोरचीनं पोच दिली का, ते पडद्यावर रेघांनी उमटतं.

गेल्या आठवड्यात पीण्या औद्योगिक वसाहतीतल्या एका कारखान्यात आम्ही बसवलेला वजनकाटा सारखा अडत होता. "आज चालला नाही तर उचलून न्या," असं मालकानं बजावलं होतं. मी सेन्सरवर खापर फोडून मोकळा झालो. अण्णांनी चिमटे लावले.

"सेन्सर चांगला हाय की. उत्तर देतोय, स्वल्प उशिरा. तुझा प्रोग्रामच थांबत नाही. विचारतोय आणि पुढं पळतोय. पुण्याचा न्हवं काय."

मी प्रोग्राममधली थांबायची वेळ वाढवली. काटा चालला. "पोचलं," मी म्हणालो.

अण्णा रोज पाचच्या ठोक्याला पळतात, यावरून आम्ही त्यांची भरपूर चेष्टा करतो. त्या दिवशी मी त्यांना गाडीनं घरी सोडलं, म्हणून चहाला आत बोलावलं. वहिनी खिडकीशी खुर्चीत होत्या. दोन वर्षांपूर्वी अर्धांगवायूनं त्यांची वाचा गेली, हे मला तेव्हा कळलं. पाचच्या चेष्टेची फार लाज वाटली.

अण्णांनी आपलं बोट त्यांच्या मुठीत दिलं. "आज या पुणेकराचा काटा अडला होता."

आणि थांबले. बराच वेळ. मला राहवेना, मी पुढचं सांगायला तोंड उघडलं.

"स्वल्प थांब," अण्णा म्हणाले.

वहिनींची बोटं सावकाश आवळली.

"पोचलं," म्हणून अण्णांनी दुसरं वाक्य सांगितलं. सहा वाक्यांची गोष्ट, चहा पार निवला. शेवटचं वाक्य माझ्या चुकीचं होतं. त्याला वहिनींनी बोट लगेच दाबलं, दोनदा.

"हसायलीय ती," अण्णा म्हणाले.